जांभळीखालची फणी

परसटोल्याचा बकाराम कुत्रीचे कान फडक्यानं पुसून कोरडे करतो, या एका गोष्टीवर गावानं दहा वर्षं हसून घेतलं. हसू द्या बापडं. जे हसले त्यांच्या घरात माणसं होती, भांडायला, रुसायला, ताटात आणखी एक पळी वाढायला. बकारामच्या घरात एक कुत्री होती. तिचे कान ओले राहिले की आतून चिघळतात हे त्याला आधी एका साहेबानं सांगितलं आणि मग त्याच्या पोरीनं करून दाखवलं. साहेब गेला, पोरगी गेली, आणि हा गडी कान पुसत राहिला. त्याला मूर्ख म्हणायचं असेल तर म्हणा, पण आधी सगळं ऐकून घ्या.

परसटोल्याचा तलाव बकारामच्या पणज्यानं बांधलेला. पाळीवर उभं राहून मोरी कधी उघडायची, कोणाच्या धानाच्या बांधीला आधी पाणी सोडायचं, हे सांगायचा मान त्याच्या घराचा. घरची धानाची शेती होती, मान होता, बायको मात्र पोरगी नऊ वर्षांची असतानाच तापानं गेली. लढाईच्या दिवसांत शेजारी बिरसीला विमानं उतरायचा पट्टा झाला आणि त्याच्या देखरेखीला केसीसाहेब आला. हिवाळ्यात तलावावर बदकं उतरली की साहेबाला चैन पडत नसे. पाणी कुठं कमरेएवढं आणि कुठं दोन पुरुष, हे बकारामइतकं कोणालाच ठाऊक नव्हतं, म्हणून साहेबाचा डोंगा तोच हाकायचा. आणि डोंग्याच्या टोकाला साहेबाची कुत्री टेसी बसायची.

टेसीला पहिल्यांदा पाहिलं तेव्हा शेजारच्या यशोदाबाईनं विचारलं होतं की साहेब शिकारीला मेंढी कायले नेतो. तिचीही चूक नव्हती. अंगभर दाट कुरळ्या लटा, रंग पिकलेल्या चिंचेचा, डोक्यावर कुरळ्यांचाच तुरा, आणि तोंड मात्र सफाचट. शेपटी तर उंदराची कापून लावल्यासारखी, बुडाशी थोडे केस आणि पुढं सगळी नागडी. बोटांमध्ये बदकासारखे पडदे. पाणी दिसलं की तिला आवरणं कठीण. बार उडाला, बदक पडलं, की ती शिंगाड्याच्या वेलींतून वाट काढत जायची आणि बदक असं अल्लद तोंडात धरून आणायची की त्याचं एक पीस वाकडं होत नसे. आणलेली वस्तू ती जमिनीवर टाकायची नाही. हातातच द्यायची आणि घेणाऱ्याच्या तोंडाकडं पाहत बसायची.

साहेब रिकामा असला की तिच्या जातीच्या गोष्टी सांगायचा. आयर्लंड म्हणून त्याचा देश, तिथं म्हणे पाऊस थांबतच नाही, म्हणून ही पाण्याची कुत्री तिथली. शंभर-सव्वाशे वर्षांमागं तिथं एका माणसाकडं एक कुत्रा होता. आज या जातीची जेवढी कुत्री आहेत, ती सगळी त्या एकाच्या वंशातली. पण त्या कुत्र्याचे मायबाप कोण, कोणत्या दोन जातींतून तो झाला, हे त्या माणसानं कोणाला सांगितलं नाही. लोकांनी विचारून विचारून त्याचं डोकं खाल्लं, पण तो गुपित घेऊनच मेला. बकारामनं ही गोष्ट घरी येऊन मोठ्या तोऱ्यात सांगितली. तेव्हा त्याची पोरगी रुख्मा चुलीपुढून म्हणाली, "मंग बाबा, याहीच्या पयल्या मायबापाची जात कोनालेच ठाव नाई. अन् तरी ह्या अस्सल?" बापलेक खूप हसले. तेव्हा हसण्यासारखंच होतं ते.

सत्तेचाळीसच्या पावसाळ्यात राज्य बदललं, साहेबानं पेट्या बांधल्या. टेसी तेव्हा दीड वर्षाची होती. एवढ्या लांबच्या बोटीत तिला नेणं त्याच्या जिवावर आलं, आणि दुसऱ्या कोणाच्या हाताला ती लागत नव्हती. ही कुत्री घराला नाही, माणसाला धरून राहते. अनोळखी माणसाकडं नुसतं पाहत बसते, भुंकत नाही, चावत नाही, पण अंगाला हात लावू देत नाही. बकारामशी तिची डोंग्यातली ओळख होती, म्हणून साखळी त्याच्या हाती आली. घरचं झालं थोडं आणि व्याह्यानं धाडलं घोडं, असं यशोदाबाई म्हणालीच. साहेबानं मात्र बकारामला पाळीवर बसवून बजावलं. आठवड्याला सगळे केस विंचरायचे, नाही तर गुंता घट्ट बसून त्यांची नमदी होते आणि आतलं कातडं सडतं. साबण लावायचा नाही, तिच्या केसांतलं तेल हेच तिचं छत्र आहे. पाण्यातून आली की कान आतून कोरडे करायचे. रोज पाण्यात काही तरी काम द्यायचं, रिकामी ठेवली तर खुळ्यासारखी करते. मारायचं नाही, कारण ती विसरत नाही. आणि गावच्या कुत्र्यांशी जमू द्यायचं नाही, मी कलकत्त्याहून तिच्या जातीचा नर धाडतो. तो नर कधी आला नाही. बकाराम मात्र वर्षातून दोनदा, ती माजावर आली की, टेसीला पंधरा-पंधरा दिवस गुरांच्या कोठ्यात कोंडून ठेवायचा आणि दारावर स्वतः खाट टाकून बसायचा. दिलेला शब्द म्हणजे शब्द.

विंचरायचं काम रुख्मानं घेतलं. तिनं त्यासाठी आपली शिसवी फणीच काढली, आईची, दोन दात तुटलेली. दुपारी पाळीवरच्या जांभळीखाली बसायची, टेसीला मांडीशी घ्यायची, आधी बोटांनी शिंगाड्याचे काटे वेचायची आणि मग एकेक लट सोडवायची. पोरगी गुणगुणत असायची, कुत्री डोळे मिटून पडलेली. शेवटी पदरानं कान पुसून झाले की रुख्मा तिच्या पाठीवर थाप मारून म्हणायची, "जा, घरी जा, बाबा वाट पाहून राहिला." मग टेसी एकटी उठायची, पाळ उतरायची आणि सरळ अंगणात बकारामपाशी जाऊन उभी राहायची. रुख्मा मागून घागर भरून यायची.

बदकं मारणारा गेला, तरी टेसीची खोड गेली नाही. पाण्यात जे पडेल ते काढून आणायचं, हाच तिचा धर्म. धुणाऱ्या बायांचं वाहून गेलेलं धोतर तिनं आणलं, तेव्हा बायांनी शाबासकी दिली. पण जन्माष्टमीचा कानोबा पाण्यात शिरवायला गाव तलावावर गेलं, आणि पाण्यात सोडलेला फुलांचा सगळा डोलारा हिनं पोहत जाऊन पुजाऱ्याच्या हातात आणून दिला, तेव्हा पुजारी कपाळाला हात लावून बसला. त्या दिवसापासून गावात नियमच झाला की पाण्यात काही शिरवायचं असेल तर आधी टेसीला बांधायचं.

रुख्मा एकोणीस वर्षांची झाली तरी घरातच होती. स्थळं आली नव्हती असं नाही. दवनीवाड्याचं एक आलं, तिरोड्याकडचं एक आलं. बकाराम म्हणायचा, पुढच्या साली पाहू. खरं सांगायचं तर ती गेली की घरात चूल कोण पेटवेल, या भीतीनंच तो पुढच्या साली, पुढच्या साली करत राहिला. गावाला ते दिसत होतं, त्यालाही दिसत होतं. मग एकावन्नच्या सुरुवातीला गावात धान कांडायची मशीन आली, ती बसवायला गोंदियाहून जागेश्वर मिस्त्री आला, महिनाभर राहिला. माणूस शांत, हाताचा कसबी, पण जात वेगळी. टेसी त्याला पाहून पहिल्या आठवड्यात नुसती बसून राहिली आणि दुसऱ्या आठवड्यात त्याच्या पायाशी जाऊन झोपली. बकारामनं ते पाहिलं आणि त्याला गंमत वाटली, बस. पुढचा विचार त्याच्या डोक्यात आलाच नाही. मशीन सुरू झाली, मिस्त्री गेला, आणि चौथ्या दिवशी रुख्माही गेली. जाताना तिनं दोन दिवसांचं पीठ दळून ठेवलं होतं आणि टेसीला विंचरून ठेवलं होतं.

यशोदाबाई विहिरीवर म्हणाली, "कुत्रीले कोंडून ठेवलं बकारामनं, अन् पोरगी मोकळी सोडली." हे वाक्य तासाभरात गावभर झालं आणि संध्याकाळच्या आत बकारामच्या कानावर आलं. त्या वाक्यानं त्याचं जेवढं वाटोळं केलं तेवढं पंचांनीही केलं नाही. रडू येत होतं त्याला, पण रडण्याच्या जागी राग आला. जातीचे पंच बसले. त्यांचा म्होरक्या ईश्वरदास, वयानं मोठा, बोलायला मऊ आणि आतून दगड. निवाडा असा झाला की पोरीच्या नावानं आंघोळ करायची, ती मेली असं समजायचं, तिच्या वापरातली वस्तू पाण्याला द्यायची. नाही तर मोरीचा मान जाईल, पाण्याच्या वाटणीत त्याचं कोणी ऐकणार नाही. रागाच्या भरात बकारामनं मान डोलावली.

दुसऱ्या दिवशी सकाळी सगळे घाटावर जमले. बकारामनं रुख्माचं एक जुनं लुगडं घेतलं, त्यात ती तुटक्या दातांची फणी ठेवली, गाठोडं बांधलं. फणी ती विसरून गेली होती की मुद्दाम ठेवून गेली होती, कोण जाणे. टेसीला बांधायचं राहिलं. पुढं आयुष्यभर बकाराम म्हणायचा की आपण विसरलो. विसरला नव्हता तो. त्यानं गाठोडं फेकलं, तसा कुत्रीनं काठावरून सूर मारला, पोहत गेली, गाठोडं अल्लद तोंडात धरलं आणि परत येऊन बकारामच्या हातात दिलं. देऊन त्याच्या तोंडाकडं पाहत बसली. कोणी तरी हसलं. ईश्वरदासनं पुन्हा फेकायला सांगितलं, बकारामनं आणखी लांब फेकलं. टेसीनं पुन्हा आणलं. ओल्या लुगड्यातून फणीचे दात त्याच्या तळव्याला टोचत होते. तेवढ्यावर तो थांबला असता तर ही गोष्ट वेगळी झाली असती. 

ईश्वरदास हळूच म्हणाला, "बांध तिले, बकाराम."

आणि त्यानं बांधलं. स्वतःच्या हातानं, जांभळीच्या बुंध्याला. गाठोड्यात दगड घातला आणि फेकलं. मग कमरेएवढ्या पाण्यात जाऊन जिवंत पोरीच्या नावानं तीन बुचकळ्या मारल्या. टेसी सगळा वेळ दोरीला हिसके देत केकाटत होती. पंच समाधानानं घरी गेले, मोरीचा मान राहिला. बकाराम दोरी सोडायला गेला तेव्हा कुत्रीनं त्याच्याकडं पाहिलं नाही. सरळ पाण्यात गेली आणि गाठोडं बुडालं तिथं गोल गोल पोहत राहिली, दुपारपर्यंत.

पुढचे दिवस कसे गेले ते विचारू नका. एकट्या माणसाची चूल म्हणजे एका वेळचा भात तीन वेळा. घरात आवाज म्हणून नाही. बोललाच तर टेसीशी बोलायचा, आणि टेसी त्याच्या हाताला येईना. अन्न खायची, अंगणात पडायची, रोज सकाळी त्या जागेवर जाऊन पोहून यायची, पण विंचरायला बसवलं की उठून जायची. महिन्याभरात लटांच्या गाठी झाल्या, काखेत नमद्या झाल्या. शेवटी त्यानं कात्री घेऊन त्या कापल्या, तेवढं ती करू द्यायची. कान मात्र तो रोज पुसायचा. ते तिनं कसं कोण जाणे, पण सहन केलं. त्या पुसण्याच्या वेळी त्याला रुख्माचं हसणं आठवायचं, अन् तरी ह्या अस्सल? आता त्या प्रश्नाचं उत्तर त्याला सुचायचं आणि ते ऐकायला कोणी नसायचं.

दिवाळी झाली, मंडई आली, गावची वर्षाची जत्रा. आपल्याकडं मंडईला घरात माणूस ठरत नाही हे तुम्हाला सांगायला नको. पाहुणे, दुकानं, दंडारीचा खेळ, सगळं गाव मैदानात. बकाराम गेला नाही. अंगणात खाटेवर बसून दोर वळत राहिला. उन्हं कलायला लागली तेव्हा टेसी पाळीवरून एकटीच उतरून आली आणि त्याच्यासमोर येऊन उभी राहिली. त्याच्या हातातला दोर खाली पडला. कुत्री विंचरलेली होती. एकेक लट सोडवलेली, डोक्यावरचा तुरा नीट मोकळा केलेला, कान आतून कोरडे. गावात त्याच्याशिवाय तिच्या अंगाला हात लावू शकणारं एकही माणूस नव्हतं.

बकाराम धावत पाळीवर गेला नाही. हीच तर त्याची करणी. तो खाटेवर बसून राहिला, अंधार पडेपर्यंत, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी जांभळीखाली गेला. तिथं तपकिरी केसांचे पुंजके पडले होते. ते त्यानं गोळा केले आणि धोतराच्या सोग्यात बांधून घरी आणले. पंचांना कळेल ही भीती होती, पण त्याहून मोठी भीती ही की समोर गेलो तर बोलायचं काय. जिच्या नावानं आंघोळ केली तिला काय तोंड दाखवायचं?

बावन्नच्या मंडईला तेच झालं. त्रेपन्नच्या मंडईला तेच. गाव मैदानात, बकाराम खाटेवर तोंड पाळीकडं करून, आणि उन्हं कलली की टेसी विंचरून परत. जांभळीखाली गर्द सावली असायची, अंगणातून तिथलं काही दिसत नसे. पण वर्षाचे तीनशे चौसष्ट दिवस तो त्या एका दिवसावर काढायचा. दर वेळी ठरवायचा, या साली जाईन, आणि दर वेळी पाय उचलत नसे. त्रेपन्नच्या शेवटी त्यानं मनाशी गाठ मारली. दवनीवाड्याच्या बाजारातून नवी शिसवी फणी आणली. म्हाताऱ्याला फणी कायले पाहिजे म्हणून दुकानदारानं थट्टा केली, ती ऐकून घेतली. ती फणी तिच्या हातात द्यायची, एवढंच करायचं होतं. बोलायचं काहीच नव्हतं.

चोपन्नच्या मंडईला तो दुपारपासून जांभळीखाली जाऊन बसला. टेसीही येऊन बसली, गोंदियाच्या वाटेकडं तोंड करून. उन्हं कलली, मैदानातला ढोल वाजायला लागला, दिवे लागले. कोणी आलं नाही. बकारामच्या मनानं घेतलं की पोरगी आली असेल, लांबून बाप बसलेला पाहिला असेल आणि तशीच माघारी फिरली असेल. आपल्याला तोंड दाखवायची तिची इच्छा नाही. मग पंचावन्नला, छप्पन्नला तो मुद्दाम मंडईत गेला, सगळ्यांना दिसेल असा दंडारीच्या पुढच्या रांगेत बसला, की तिला पाळ मोकळी सापडावी. घरी आला की आधी टेसीचे केस चाचपायचा. गाठी तशाच असायच्या. तो समजला, रागावली आहे, अजून रागावली आहे. तिनं रागवावं हे त्याला पटतही होतं.

सत्तावन्नला टेसी अकरा वर्षांची झाली. मागचे पाय ओढू लागली, पाण्यात जाईनाशी झाली, आणि दोन्ही कान पुसून पुसूनही वाहायला लागले. ईश्वरदास उन्हाळ्यातच वारला होता. दिवाळी होऊन मंडईला चार दिवस राहिले असताना बकारामनं खाचराला बैल जुंपले, आत धानाच्या तणसावर गोधडी घालून टेसीला झोपवलं आणि गोंदियाची वाट धरली. विचारणाऱ्याला सांगितलं, गुरांच्या दवाखान्यात जाऊन राहिलो. ते खोटं नव्हतं. पण अंगातल्या बंडीच्या खिशात फणी होती, आणि पोटात एक वाक्य होतं, जे तो वाटभर बैलांना म्हणून दाखवत होता. रुख्मा, मंडईचं आवतन आहे, दोघं जण या, घरी उतरा. पाळीवर नाही. घरी.

डॉक्टरानं टेसीचे कान धुतले, औषध सोडलं, कापसाचे बोळे घातले आणि महिनाभर पाण्यात उतरू देऊ नका म्हणून ताकीद दिली. मग बकारामनं राइस मिलमध्ये जागेश्वर मिस्त्रीचं घर विचारलं. कुडवा गावाच्या वाटेवर दोन खोल्यांचं कौलारू घर होतं. दारात एक बाई सूप घेऊन बसली होती. ती रुख्मा नव्हती. तिनं आत हाक मारली, जागेश्वर बाहेर आला. त्यानं ओळखलं. खाट टाकली, पाणी दिलं. कानशिलावरचे केस पिकले होते त्याचे. सूपवाली बाई आत निघून गेली.

बकारामनं पाठ केलेलं वाक्य म्हटलं. जागेश्वरनं ते सगळं ऐकून घेतलं.

"ते तं चोपन सालीच गेली, पावसाळ्यात," तो म्हणाला. "बारंतपनात. लेकरूही नाई वाचलं."

बकारामला आधी कळलंच नाही. कळलं तेव्हा त्याच्या तोंडून एवढंच निघालं की निरोप काऊन नाही धाडला.

"कोनाले धाडाव?" जागेश्वरच्या आवाजात राग नव्हता, असता तर बरं झालं असतं. "तुमी तं तीन साल आधीच तिच्या नावानं आंघोळ करून मोकळे झाले होते. मेलेल्या मानसाच्या मरनाचा निरोप कोन धाडते?"

मग त्यानं आपणहून सांगितलं की ती दर मंडईला जायची. टेसीला कोणी विंचरत नसेल म्हणायची. "मी म्हटलं तिले, तुझ्या बाबानं पाहून घेतलं तं? तं म्हने, पाहून घेतलं तं बरंच होईन."

खाचर परत निघालं तेव्हा बैलच वाट चालत होते. बकाराम कासऱ्याला नुसता हात लावून बसला होता. तीन वर्षं तो जिचा राग उतरायची वाट पाहत होता ती तीन वर्षं नव्हतीच. पुढच्या रांगेत बसून त्यानं दंडार पाहिली, तेव्हा ती नव्हती. विकत आणलेली फणी घेऊन तो जांभळीखाली बसला, तेव्हा पोरगी नुकतीच गेली होती. वरातीमागून घोडं म्हणतात ते असं. तो आता मोकळ्यानं रडला, मोठ्यानं, वाटेवरच्या माणसांनी वळून पाहिलं तरी थांबला नाही.

तलाव आला तसं त्यानं खाचर पाळीपाशी थांबवलं आणि अंगावरच्या कपड्यांनिशी पाण्यात उतरला. पोरगी मेल्यावर बापानं आंघोळ करायची असते. त्याची तर करून झाली होती, आणि खोटी होती. आता खरी करावी तर ती कोणत्या हिशेबात धरणार, हे सांगायला पंचही नव्हते. त्यानं एक बुचकळी मारली. दुसरी मारली. आणि तिसरीला खाली वाकला तोच मागून धोतराला ओढ बसली.

टेसी होती. खाचरातून कशी उतरली, मागचे पाय ओढत पाळ कशी उतरली, तिचं तिला ठाऊक. गळ्याएवढ्या पाण्यात होती, कानातले बोळे भिजले होते, आणि धोतराचा सोगा तिनं अल्लद तोंडात धरला होता. ती काठाकडं ओढत होती. तिच्यात ओढायचं बळ नव्हतं, बकारामला ते कळत होतं. पण बांध तिले म्हणणारं काठावर आज कोणी नव्हतं. तिसरी बुचकळी तशीच राहिली आणि तो तिच्या मागोमाग बाहेर आला.

जांभळीखाली बसून त्यानं खाचरात राहिलेल्या कोरड्या पागोट्यानं तिचे कान कोरडे केले. बंडीतून फणी काढली, चार वर्षांत तिचा एकही दात कोणाच्या केसाला लागला नव्हता. टेसी उठून गेली नाही. त्याच्या मांडीवर मान टाकून पडली, आणि त्यानं एकेक लट हातात घेऊन, रुख्मा करायची तशी आधी बोटांनी आणि मग फणीनं, तिचं सगळं अंग सोडवलं. वेळ लागला.  शेवटी काय करायचं ते त्याला आठवलं. त्यानं तिच्या पाठीवर थाप मारली आणि म्हणाला, "जा, घरी जा."

टेसी उठली. वळून न पाहता पाय ओढत पाळ उतरू लागली, आणि तिच्यामागं नजर लावून बकाराम प्रथमच त्या जागी बसून आपल्या घराकडं बघत होता. चोपन्नच्या मंडईला इथं बसला तेव्हा त्याची नजर गोंदियाच्या वाटेवर होती. घर तिथून स्वच्छ दिसत होतं. कुडाचं फाटक दिसत होतं, तुळस दिसत होती, आणि अंगणाच्या मधोमध खाट दिसत होती, तिच्यावर विसरलेला दोरसुद्धा दिसत होता. अंगणातून जांभळीखालचं काही दिसत नसे, पण जांभळीखालून सगळं दिसत होतं. तीन मंडया रुख्मानं इथं बसून त्याला दोर वळताना पाहिलं होतं, आणि कुत्रीला त्याच्याकडं धाडून, तो उठतो का, याची वाट पाहिली होती.

टेसी अंगणात पोचली. नेहमीसारखी खाटेपाशी जाऊन उभी राहिली, आणि खाटेवर कोणी नव्हतं, म्हणून तशीच उभी राहिली.